वाचक विचारतात : अमेरिकेतले ‘जिल्हा न्यायाधीश’

गेल्या अंकातल्या सदरात गूगलच्या मक्तेदारीचा विषय निघाला तेव्हा ‘वॉशिंग्टनच्या जिल्हा न्यायाधीशांनी ५ ऑगस्ट २०२४ रोजी गूगलविरुद्ध निकाल दिला’ एवढे एकच वाक्य मी लिहिले होते. त्या एका वाक्यावर जेवढी पत्रे आली, तेवढी वारसाहक्कावरच्या संपूर्ण लेखमालेवरही आली नव्हती. आणि वारसाहक्क हा तर इंदूरच्या मराठी घरांचा अगदी जिव्हाळ्याचा विषय. म्हणून या वेळचे सदर त्या एकाच विषयाला दिले आहे. पत्रलेखकांची नावे नेहमीप्रमाणे गाळली आहेत.

प्रश्न : मी सिव्हिल जजच्या परीक्षेची तयारी करतो. आपल्या इंदूरच्या जिल्हा न्यायाधीशांनी उद्या गूगलला मक्तेदार ठरवले तर कोणी मनावर घेईल का? मग अमेरिकेतल्या जिल्हा न्यायाधीशाला एवढा अधिकार कोठून आला?
*(विधी शाखेचा विद्यार्थी, भंवरकुआं)*

उत्तर : दोष तुमचा नाही, शब्दाचा आहे. आपला जिल्हा न्यायाधीश आणि अमेरिकेचा ‘डिस्ट्रिक्ट जज’ यांच्यात नावापलीकडे फारसे साम्य नाही.

आपल्याकडे न्यायालयांची एकच उतरंड आहे. इंदूरच्या जिल्हा न्यायालयात ज्या न्यायाधीशासमोर सकाळी मध्य प्रदेशच्या भाडे-नियंत्रण कायद्याखालचे अपील चालते, त्याच्याचसमोर दुपारी संसदेने केलेल्या कायद्याखालचा खटलाही चालू शकतो. कायदा भोपाळचा असो की दिल्लीचा, न्यायालय तेच. अमेरिकेत मात्र एकाच वाड्याला दोन स्वतंत्र जिने असावेत तशी रचना आहे. एक जिना राज्यांचा. घटस्फोट, शेजाऱ्याशी बांधावरून भांडण, नेहमीची मारामारी, बहुतेक खून, असे देशातले बरेचसे खटले त्या जिन्याने जातात आणि तिथले अनेक न्यायाधीश चक्क निवडणूक लढवून येतात. दुसरा जिना संघराज्याचा. वॉशिंग्टनच्या संसदेने केलेले कायदे, राज्यघटनेखालचे हक्क, सरकारविरुद्धचे दावे, आणि वेगवेगळ्या राज्यांतल्या पक्षकारांमधले ७५ हजार डॉलरहून मोठ्या रकमेचे वाद या जिन्याने जातात. या दुसऱ्या जिन्याची पहिली पायरी म्हणजे संघीय जिल्हा न्यायालय. खटला प्रत्यक्ष उभा राहतो, साक्षीदार तपासले जातात आणि पुरावा नोंदवला जातो, तो या पायरीवरच.

२४ सप्टेंबर १७८९ च्या कायद्याने अशी १३ जिल्हा न्यायालये स्थापन झाली. आज ती ९४ आहेत आणि न्यायाधीशांची मंजूर पदे ६७७. लहान राज्याला एकच न्यायालय, तर कॅलिफोर्निया, टेक्सास आणि न्यूयॉर्क यांना प्रत्येकी चार. यांच्यावर १३ अपील न्यायालये आणि सर्वांत वर नऊ न्यायमूर्तींचे सर्वोच्च न्यायालय. ते सर्वोच्च न्यायालय वर्षाकाठी जेमतेम साठ-सत्तर प्रकरणे सविस्तर ऐकते. अपील न्यायालय नव्याने साक्षी घेत नाही, खालून आलेल्या नोंदीवरच काम करते. म्हणजे साक्षीदाराचा चेहरा पाहणारा न्यायाधीश हाच पहिला आणि बहुधा हाच शेवटचा असतो, आणि तो एकटा बसतो. आपल्या खंडपीठात शेजारच्या न्यायमूर्तींकडे वळून हळूच दोन शब्द बोलता येतात. ही सोय त्याला नाही.

प्रश्न : या पदासाठी परीक्षा कोणती? मुलगी तिकडे वकील आहे, म्हणून विचारते.
*(वाचिका, सुदामा नगर)*

उत्तर : परीक्षा नाही, आणि ऐकून नवल वाटेल, पण राज्यघटनेत वयाची किंवा शिक्षणाचीही अट नाही. आपल्या राज्यघटनेच्या कलम २३३ प्रमाणे वकिलांतून जिल्हा न्यायाधीश नेमायचा तर सात वर्षांची वकिली लागते. तिकडे कायद्याची पदवीसुद्धा कागदोपत्री आवश्यक नाही. व्यवहारात मात्र पंधरा-वीस वर्षे सरकारी किंवा खाजगी वकिली केलेले, राज्याच्या न्यायालयात न्यायाधीश राहिलेले किंवा ‘मॅजिस्ट्रेट जज’ म्हणून काम केलेले लोकच निवडले जातात. (हे मॅजिस्ट्रेट जज आठ वर्षांच्या मुदतीवर असतात आणि त्यांना जिल्हा न्यायाधीशच नेमतात.)

राष्ट्राध्यक्ष नाव सुचवतात आणि सिनेट त्याला संमती देते. मधली वाट मात्र अवघड आहे. ज्या राज्यातले पद, तिथल्या दोन सिनेटरांकडे एक निळी चिठ्ठी जाते. ती त्यांनी सही करून परत पाठवली नाही, तर जिल्हा न्यायाधीशाचे नाव पुढे सरकत नाही, अशी जुनी रूढी आहे. कायद्यात तिचा कोठेही उल्लेख नाही. मग तपास यंत्रणेची चौकशी, मालमत्तेचा तपशील, आजवर लिहिलेल्या आणि बोललेल्या प्रत्येक शब्दाची छाननी, आणि शेवटी समितीसमोर जाहीर प्रश्नोत्तरे. यात राजकारण असते का? भरपूर असते. आपल्याकडच्या बंद दाराआडच्या निवडीपेक्षा हे उघड्यावरचे राजकारण बरे, असे म्हणणारे माझे वकील मित्र आहेत. मला स्वतःला दोन्ही पद्धती सारख्याच अस्वस्थ करतात.

प्रश्न : माझी नात अमेरिकेत कायदा शिकली, वर्गात पहिल्या पाचांत आली, आणि आता एका फेडरल जज्जाकडे ‘क्लार्क’ म्हणून लागली आहे. आमच्या भजनी मंडळात सगळ्या विचारतात, एवढे शिकून कारकून झाली का हो? मी काय सांगावे?
*(आजी, रामबाग)*

उत्तर : आजी, मंडळात पेढे वाटा. ‘लॉ क्लार्क’ म्हणजे फायली लावणारा किंवा पेशीची तारीख सांगणारा कारकून नव्हे. जिल्हा न्यायाधीशाकडे असे बहुधा दोन-तीनच तरुण वकील असतात, एक किंवा दोन वर्षांसाठी, आणि एकेका जागेला शेकड्यांनी अर्ज येतात. दोन्ही बाजूंची टिपणे वाचून कायदा कोणत्या बाजूने आहे याचे टाचण करणे, जुने निवाडे शोधणे, निकालाचा पहिला मसुदा लिहिणे, आणि ‘साहेब, इथे तुमचे चुकते आहे’ असे चेंबरच्या बंद दारामागे तोंडावर सांगणे ही तिची कामे. वर म्हटले ना, की हा न्यायाधीश एकटा असतो; त्याला मोकळेपणाने बोलायला ही दोन-तीन माणसेच असतात. त्या चर्चेतला एक शब्दही ती तुम्हाला फोनवर सांगणार नाही. तेव्हा राग मानू नका.

आणखी एक गोष्ट, मंडळात सांगण्यासारखी. जिल्हा न्यायाधीशाचा पगार २०२५ मध्ये वर्षाला २,४७,४०० डॉलर होता. न्यूयॉर्कच्या बड्या वकिली पेढ्या नव्या पोरांना पहिल्याच वर्षी २,२५,००० डॉलर देतात, आणि न्यायाधीशाकडे काम केलेल्यांना वर घसघशीत बक्षिसी. म्हणजे पुढच्या वर्षी नात कदाचित तिच्या जज्जसाहेबांपेक्षा जास्त कमवेल.

प्रश्न : हे न्यायाधीश मरेपर्यंत पदावर राहू शकतात, असे वाचले. आम्हाला बँकेत साठाव्या वर्षी शाल-श्रीफळ देऊन घरी पाठवले. तहहयात खुर्ची देणे धोक्याचे नाही का?
*(निवृत्त बँक अधिकारी, लोकमान्य नगर)*

उत्तर : राज्यघटनेच्या तिसऱ्या कलमातले शब्द ‘मरेपर्यंत’ असे नाहीत, ‘वर्तन चांगले असेपर्यंत’ असे आहेत. त्याच वाक्यात पुढे म्हटले आहे, की न्यायाधीश पदावर असेपर्यंत त्याचा पगार कमी करता येणार नाही. सगळी इमारत या दोन खिळ्यांवर उभी आहे.

त्यांचे मोल मराठी वाचकाला समजावून सांगायला लांब जायला नको. १७७३ मध्ये नारायणरावांचा खून झाला आणि रामशास्त्र्यांनी राघोबादादांना देहान्त प्रायश्चित्त सांगितले, ही गोष्ट आपण शाळेत ऐकतो ती शास्त्रीबुवांच्या करारी बाण्याची म्हणून. पण वकिलाच्या नजरेने पाहिले तर त्या गोष्टीचा शेवट वेगळा दिसतो. निवाडा दिला, आणि पुणे सोडावे लागले ते न्यायाधीशाला. पुढे बारभाईंच्या कारभारात ते पदावर परतले, हे खरे. परंतु तो निवाडा देताना त्यांच्या पाठीशी स्वतःच्या स्वभावाखेरीज काहीही नव्हते. योगायोग असा की शास्त्रीबुवा १७८९ मध्ये वारले, आणि त्याच वर्षी अमेरिकेने आपली जिल्हा न्यायालये उभारली, ती प्रत्येक न्यायाधीश रामशास्त्री निघेल असा भरवसा न ठेवता. साधा माणूसही निर्भयपणे निवाडा देऊ शकेल, अशी त्याच्या पदाची आणि पगाराची तजवीज त्यांनी आधीच करून ठेवली होती.

धोका आहेच, आणि तो पहिल्या काही वर्षांतच दिसला. न्यू हॅम्पशरचे जिल्हा न्यायाधीश जॉन पिकरिंग दारूच्या आणि वेडाच्या भरात न्यायासनावर बरळू लागले. निवृत्त करण्याची सोय नव्हती, म्हणून १८०४ मध्ये महाभियोग चालवून त्यांना काढावे लागले. महाभियोगासाठी कनिष्ठ सभागृहाने आरोप ठेवायचे आणि सिनेटने दोन-तृतीयांश मतांनी दोषी ठरवायचे. सव्वादोनशेहून अधिक वर्षांत १५ संघीय न्यायाधीशांवर असे आरोप ठेवले गेले आणि त्यांतले आठच दोषी ठरून पदावरून गेले. आठ हा आकडा थोडा वाटतो, आणि माझ्या मते तो थोडाच आहे.

म्हातारपणावर त्यांनी एक चतुर तोड काढली आहे. वय ६५ आणि सेवा १५ वर्षे, अशी बेरीज ८० झाली की न्यायाधीश ‘ज्येष्ठ’ दर्जा घेऊ शकतो. पगार चालू राहतो, काम आपल्या झेपेल तेवढे कमी करता येते, आणि त्याची जागा नव्या नेमणुकीसाठी मोकळी होते. कोणी सक्ती करत नाही, तरी बहुतेक जण ही वाट घेतात. कॅन्ससचे वेस्ली ब्राउन यांना केनेडींनी १९६२ मध्ये नेमले. त्यांनी १९७९ मध्ये ज्येष्ठ दर्जा घेतला आणि त्यानंतर आणखी बत्तीस वर्षे ते काम करत राहिले. अखेरच्या काळात नाकात प्राणवायूची नळी लावून ते न्यायासनावर बसत, आणि खटला लांबणार असेल तर तो संपेपर्यंत आपण असूच असे नाही, याची कल्पना वकिलांना आधीच देत. जानेवारी २०१२ मध्ये, वयाच्या १०४ व्या वर्षी, ते वारले तेव्हाही त्यांच्याकडे कामे होती. तुमच्या बँकेने अशा माणसाला शाल-श्रीफळ दिले असते की नाही, हे तुम्हीच ठरवा.

प्रश्न : तिकडे निकाल ज्यूरी देते. मग न्यायाधीश काय करतो? नुसता हातोडा आपटतो का?
*(वाचक, छावणी)*

उत्तर : हातोडा मी तरी कोठे आपटलेला पाहिला नाही. ज्यूरीबद्दल मात्र थोडे विस्ताराने लिहितो.

फौजदारी खटल्यात १२ सामान्य नागरिक बसतात आणि दोषी की निर्दोष याबद्दल त्यांचे एकमत व्हावे लागते. आपल्याकडेही ज्यूरी होती. १९५९ मध्ये मुंबईच्या नानावटी खटल्यात ज्यूरीने ८ विरुद्ध १ मतांनी ‘निर्दोष’ म्हटले, सत्र न्यायाधीशांना ते पटले नाही, त्यांनी प्रकरण उच्च न्यायालयाकडे पाठवले आणि तिथे नानावटी दोषी ठरले. अमेरिकेत हे होऊ शकत नाही. ज्यूरीने सोडले म्हणजे सुटला. उलट ज्यूरीने दोषी ठरवूनही पुरावा अगदीच तोकडा आहे असे वाटले, तर न्यायाधीश आरोपीला सोडू शकतो. कोणता पुरावा ज्यूरीच्या कानावर जाऊ द्यायचा, कायदा तिला कोणत्या शब्दांत समजावून सांगायचा, हेही तोच ठरवतो. आणि शिक्षा तर जवळजवळ नेहमीच त्याच्या एकट्याच्या हातात असते.

पण खरी गोष्ट अशी की बहुसंख्य प्रकरणे ज्यूरीपर्यंत पोहोचतच नाहीत. संघीय न्यायालयात दोषी ठरणाऱ्या शंभर आरोपींपैकी नव्वदांहून अधिक जण सरकारी वकिलाशी तडजोड करून गुन्हा कबूल करतात. २०१८ मध्ये पुतण्याकडे शिकागोला गेलो होतो तेव्हा असा एक कबुलीजबाब मी पाहिला. डर्कसन न्यायालय ही तीस मजल्यांची काळी, पोलादी इमारत. वरच्या एका मजल्यावर लाकडी तावदानांचे दालन, समोर पंचविशीचा एक मुलगा, पोस्टाच्या पाकिटांतले चेक चोरल्याचा आरोप. (पोस्ट संघराज्याचे, म्हणून ही चोरीही संघराज्याची.) त्याच्या कानाशी एक दुभाषी बाई स्पॅनिशमध्ये कुजबुजत होत्या. मागच्या बाकावर बहुधा त्याची आई बसली होती, हातात रुमालाची घडी.

न्यायाधीशांनी विचारायला सुरुवात केली. शाळा कितवीपर्यंत? गेल्या चोवीस तासांत दारू, औषध, काही घेतले आहे का? मुलगा म्हणाला, दाढ दुखत होती म्हणून एक गोळी घेतली. तिथे न्यायाधीश थांबले. कोणती गोळी? किती वाजता? तिने गुंगी येते का? आत्ता मी काय विचारले ते तुमच्या शब्दांत सांगा पाहू. त्याने सांगितले, दुभाषी बाईंनी इंग्रजी केले, तेव्हा कुठे गाडी पुढे सरकली. कोणी धमकावले का, कोणी कशाचे आमिष दाखवले का, ज्यूरीचा हक्क तुम्ही सोडता आहात म्हणजे नेमके काय सोडता आहात, वकिलाच्या कामावर समाधानी आहात का, असे तासभर चालले. उत्तरे सगळ्यांना आधीच माहीत होती आणि तरीही एकही प्रश्न गाळला गेला नाही. कबुलीजबाब दोन मिनिटांत उरकलेले मी माझ्या चाळीस वर्षांच्या वकिलीत पाहिले आहेत. कोठे, ते सांगत नाही.

शिक्षा त्या दिवशी झाली नाही, तीन महिन्यांनंतरची पेशी लागली. दरम्यान एक परिवीक्षा अधिकारी त्या मुलाचे घर, शिक्षण, नोकरी, व्यसने, जुने गुन्हे असा सगळा अहवाल तयार करतो. शिक्षेसाठी एक तक्ता आहे, ४३ ओळींचा आणि ६ रकान्यांचा. उभ्या बाजूला गुन्ह्याचे वजन, आडव्या बाजूला आरोपीचा पूर्वेतिहास, आणि दोन्ही मिळतात त्या घरात महिन्यांचे आकडे. १९८७ पासून हा तक्ता न्यायाधीशांवर बंधनकारक होता. २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो केवळ मार्गदर्शक ठरवला. आता न्यायाधीश तक्त्यापासून दूर जाऊ शकतो, पण का गेलो ते त्याला भर न्यायालयात, त्या आईच्या देखत, सांगावे लागते.

प्रश्न : मी इंदूर खंडपीठात वकिली करते. या पदावर स्त्रिया केव्हा आल्या?
*(महिला वकील, तुकोगंज)*

उत्तर : पहिल्या जिल्हा न्यायाधीश बर्निटा शेल्टन मॅथ्यूज, १९४९ मध्ये. टेक्सासच्या सारा ह्यूज यांचे छायाचित्र आपण नक्की पाहिले असेल. केनेडींच्या हत्येनंतर २२ नोव्हेंबर १९६३ रोजी विमानात लिंडन जॉन्सन यांना शपथ देणाऱ्या त्याच.

पण तुम्ही एकाच न्यायाधीशाबद्दल वाचणार असाल तर कॉन्स्टन्स बेकर मॉटली यांच्याबद्दल वाचा. त्यांनी दक्षिणेतल्या विद्यापीठांची दारे कृष्णवर्णीयांसाठी उघडणारे खटले चालवले, सर्वोच्च न्यायालयात दहा प्रकरणे मांडली आणि त्यांतली नऊ जिंकली. १९६६ मध्ये त्या न्यूयॉर्कच्या दक्षिण जिल्ह्यात न्यायाधीश झाल्या, आणि संघीय न्यायासनावर बसलेल्या त्या पहिल्या कृष्णवर्णीय स्त्री. १९७५ मध्ये त्यांच्यासमोर एका वकिली पेढीविरुद्ध स्त्री-पुरुष भेदभावाचा दावा आला. पेढीचे म्हणणे असे, की या स्वतः स्त्री आणि कृष्णवर्णीय, तेव्हा यांनी दावा सोडावा. त्यांनी सोडला नाही. वंश आणि लिंग एवढ्यावरूनच न्यायाधीश अपात्र ठरणार असेल, तर या न्यायालयातला एकही न्यायाधीश हा दावा ऐकू शकणार नाही, असे त्यांनी आदेशात लिहिले. कारण वंश आणि लिंग गोऱ्या पुरुषालाही असते! तीनच वर्षांनी, यांकी स्टेडियममध्ये खेळाडूंच्या खोलीत महिला क्रीडापत्रकाराला मज्जाव करता येणार नाही, हा निकालही त्यांचाच.

जाता जाता हितसंबंधांची खरी कसोटी सांगतो. एखाद्या कंपनीचा एक शेअर जरी न्यायाधीशाकडे असला, तरी त्या कंपनीचा खटला त्याला सोडावा लागतो.

प्रश्न : एकटा जिल्हा न्यायाधीश राष्ट्राध्यक्षांनाही हुकूम देऊ शकतो का?
*(वाचक, पलासिया)*

उत्तर : देऊ शकतो आणि दिलेला आहे. तरुणपणी मुष्टियुद्ध खेळलेले न्यायाधीश जॉन सिरिका यांनी १९७३ मध्ये निक्सन यांना ध्वनिफिती हजर करण्याचा आदेश दिला. त्या फितींचा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि ऑगस्ट १९७४ मध्ये निक्सन यांना पद सोडावे लागले. मात्र एका जिल्ह्यातून संपूर्ण देशाला लागू होणारा मनाई हुकूम काढण्याच्या अधिकाराला सर्वोच्च न्यायालयाने २७ जून २०२५ रोजी ६ विरुद्ध ३ मतांनी मोठी कात्री लावली आहे.

हुकूम देणाऱ्याला त्याची किंमतही मोजावी लागते. अलाबामाचे फ्रँक जॉन्सन १९५६ मध्ये माँटगोमेरीच्या बसमधला वर्णभेद घटनाबाह्य ठरवणाऱ्यांपैकी एक होते. त्यांच्या अंगणात क्रूस जाळला गेला, आणि १९६७ मध्ये त्यांच्या आईच्या घराबाहेर बाँब फुटला. आई बचावल्या. पगार आणि पद राज्यघटनेने राखले होते. घर राखायचे काम तिच्या आवाक्याबाहेरचे होते.

प्रश्न : गूगलचा निकाल देणारे न्यायाधीश गुजराती आहेत, हे खरे का?
*(वाचक, स्नेहलतागंज)*

उत्तर : जन्माने होय. अमित मेहता यांचा जन्म १९७१ मध्ये पाटणचा. लहानपणीच ते अमेरिकेला गेले आणि २०१४ पासून वॉशिंग्टनला जिल्हा न्यायाधीश आहेत. दक्षिण आशियाई वंशाचे पहिले संघीय न्यायाधीश मात्र अमूल थापर, केंटकीत, २००८ मध्ये.

प्रश्न : दिवाळीनंतर मुलाकडे शिकागोला जाणार आहोत. असे न्यायालय पाहता येते का? तिकीट किती?
*(पती-पत्नी, जेल रोड)*

उत्तर : तिकीट नाही, वशिला लागत नाही, कोणालाही मागच्या बाकावर बसता येते. ओळखीसाठी पासपोर्ट जवळ ठेवा. त्या दिवशीच्या कामांची यादी न्यायालयाच्या संकेतस्थळावर मिळते. तीत शिक्षा सुनावणीचे किंवा कबुलीजबाबाचे काम शोधा, कारण ज्यूरीचा खटला सुरू असेलच असे नाही. सकाळी लवकर गेलेले बरे. छायाचित्र किंवा ध्वनिमुद्रण अजिबात चालत नाही, आणि भ्रमणध्वनीचे नियम प्रत्येक न्यायालयाचे निराळे असतात. न्यायाधीश आत आले की सगळ्यांबरोबर उठून उभे राहा.

आणि काकांना सुपारीची सवय असेल तर अडकित्ता घरीच ठेवा. माझा तपासणी यंत्रात सापडला, निळ्या कोटातल्या सुरक्षारक्षकाने तो उलटसुलट करून पाहिला, दोन सहकाऱ्यांना बोलावून दाखवला, आणि अखेर तो पुतण्याच्या गाडीत ठेवून येऊन मला रांगेत पुन्हा पहिल्यापासून उभे राहावे लागले.